विरून जाणारी स्वप्ने कशी जपावीत : नवा स्वप्नसंग्रह सुरू करणाऱ्यांसाठी मार्गदर्शन

जाग आल्यानंतर पहिल्या काही मिनिटांतच बहुतेक स्वप्ने स्मरणातून निघून जातात आणि जी थोडी उरतात ती पाहणाऱ्या माणसाबरोबरच संपतात. घरातील जुनी पत्रे, सातबाऱ्याचे उतारे, लग्नपत्रिका, आजोबांचे पेन्शनचे कागद आपण ट्रंकेत सांभाळून ठेवतो. पण चाळीस वर्षांपूर्वी पाडलेल्या वाड्यात आजीने काल रात्री पुन्हा पाऊल ठेवले होते, याची नोंद कोणी करत नाही. धरणाखाली गेलेली गावे, गिरणगावातील बंद पडलेली खाती, बुजवलेल्या विहिरी, दिवंगत माणसांचे आवाज हे सारे अजूनही कोणाच्या तरी झोपेत चालते-बोलते आहे, आणि ती पिढी गेली की त्या जगाकडे जाणारी ही वाटही बंद होणार आहे. ज्यांना आपल्या कुटुंबात, गावच्या वाचनालयात किंवा एखाद्या लहान मंडळात अशा स्वप्नांचा संग्रह सुरू करायचा आहे, त्यांच्यासाठी हा लेख आहे.

एक गोष्ट आरंभीच मनाशी पक्की करावी. संग्राहकाचे काम स्वप्न जसे सांगितले गेले तसे टिपण्याचे आहे, त्याचा अर्थ लावण्याचे नाही. अर्थ लावणारे पुष्कळ आहेत आणि पुढेही मिळतील. मूळ नोंद मात्र आज झाली नाही तर ती पुन्हा कधीच होणार नाही. पुढे जे काही सांगितले आहे ते सगळे या एका गोष्टीला धरून आहे.

कोणाची स्वप्ने घ्यायची ते आधी ठरवा

नव्याने सुरुवात करणारे अनेकदा साऱ्या गावाची स्वप्ने गोळा करण्याचा संकल्प करतात आणि महिन्याभरात थकतात. त्यापेक्षा दोन-तीन माणसे निवडावीत आणि त्यांच्याकडे नियमाने जावे. एकाच व्यक्तीची वर्षभरातील स्वप्ने हाती असतील तर त्यांत वारंवार येणारी घरे, वाटा आणि माणसे दिसू लागतात. शंभर जणांचे एकेक स्वप्न घेतले तर ती सलगता मिळत नाही. वयोवृद्धांना अग्रक्रम द्यावा, हे वेगळे सांगायला नको.

ताजी आणि आठवणीतली अशी स्वप्नांची दोन स्वतंत्र दालने पहिल्या दिवसापासून ठेवावीत. आज पहाटे पडलेले आणि आजच सांगितलेले स्वप्न हे ताजे. ‘थोरला पोटात असताना मला एक स्वप्न पडलं होतं’ असे सांगून जे येते ते आठवणीतले; ते अनेक वेळा सांगून घडत गेलेले असते, त्याचे काही कोपरे झिजलेले असतात आणि काही नवे चढलेले असतात. म्हणून ते टाकाऊ ठरत नाही, उलट घराण्याच्या इतिहासात अशी स्वप्ने फार महत्त्वाची असतात. मात्र ते कधी पडले, कधी सांगितले आणि पूर्वी कोणी ऐकले होते, या तिन्ही गोष्टी त्याच्या नोंदीत स्वतंत्रपणे यायला हव्यात. दोन्ही प्रकार एकाच वहीत मिसळले गेले की नंतर ते वेगळे काढणे जवळजवळ अशक्य होते.

इतरांकडे जाण्यापूर्वी स्वतःची स्वप्ने नोंदवून पाहा

स्वप्न हातून कसे निसटते, हे स्वतः अनुभवल्याशिवाय दुसऱ्याची अडचण कळत नाही. मेरी कॅल्किन्स या अमेरिकी मानसशास्त्रज्ञ बाईंनी १८९३ मध्ये स्वप्नांचा एक पद्धतशीर अभ्यास प्रसिद्ध केला. त्यासाठी त्या उशाशी कागद, पेन्सिल, मेणबत्ती आणि काड्यापेटी ठेवून झोपत आणि जाग येताच लिहून काढत. आज मेणबत्तीची गरज उरलेली नाही, परंतु हाताच्या अंतरावर कागद-पेन्सिल ठेवण्याला अजूनही पर्याय नाही. मोबाइलवर ध्वनिमुद्रण करणे सोयीचे असते. पण पडद्यावर रात्रभराचे निरोप दिसले की स्वप्न तिथेच संपते. मोबाइल वापरायचाच असेल तर झोपण्यापूर्वी इंटरनेट बंद करून ध्वनिमुद्रणाची खिडकी उघडी ठेवावी.

जाग आल्यावर हालचाल करू नये. ज्या कुशीवर जाग आली त्याच कुशीवर, डोळे मिटलेले ठेवून, शेवटचे जे दृश्य मनात आहे ते घट्ट धरावे आणि तिथून ‘याच्या आधी काय होते’ असे विचारत मागे मागे जावे. सुरुवातीपासून आठवू पाहिले तर बहुधा काहीच हाती लागत नाही, शेवटाकडून मागे गेल्यास मात्र एकेक कडी सापडत जाते. मग आधी चार-सहा खुणेचे शब्द लिहावेत, जसे की ‘एस.टी., निळी छत्री, मास्तर, ओला जिना’, आणि त्यानंतरच सविस्तर लिहायला घ्यावे.

आपल्याकडे पहाटेच्या स्वप्नाला विशेष मान आहे. पहाटेची स्वप्ने अधिक आठवतात हे तर खरेच आहे आणि त्याचे कारण झोपेच्या रचनेत आहे. १९५३ मध्ये शिकागो विद्यापीठात यूजीन ॲसरिन्स्की आणि नॅथॅनिएल क्लाइटमन यांनी झोपेतील अशा अवस्थेचे वर्णन केले, जिच्यात मिटलेल्या पापण्यांआड डोळे वेगाने हलत असतात. पुढे १९५७ मध्ये विल्यम डिमेंट आणि क्लाइटमन यांनी दाखवून दिले की या अवस्थेत माणसाला उठवले तर सुमारे ८० टक्के वेळा तो स्वप्न सांगू शकतो. ही अवस्था साधारण दर दीड तासाने येते आणि रात्र सरत जाते तसतसा तिचा अवधी वाढतो, म्हणून सर्वांत लांब आणि ठसठशीत स्वप्ने उजाडण्याच्या सुमारास पडतात. याचा व्यवहारातील अर्थ असा की जो पहाटे चारला गजर लावून उठतो त्याची झोप नेमकी त्याच भागात तोडली जाते. त्याने सुट्टीच्या दिवशी गजराशिवाय झोपून पाहावे. रात्री मद्य घेतले असेल तर झोपेच्या पहिल्या भागात ही अवस्था दबते. स्वप्ने मिळावीत म्हणून रोज रात्री मुद्दाम झोपमोड करून घेण्याच्या फंदात कोणी पडू नये.

ऐकायला कसे बसावे

घरातल्या वडीलधाऱ्यांकडून स्वप्न ऐकायचे असेल तर सकाळचा पहिला चहा ही योग्य वेळ आहे. आंघोळ, पूजा, नाश्ता उरकून बसू म्हटले तर सांगण्यासारखे काही राहत नाही. ‘रात्री काय दिसले?’ असे विचारण्याऐवजी ‘रात्री काय काय झाले?’ असे विचारावे, कारण स्वप्नात ऐकू येते, स्पर्श होतो, कधी वासही येतो. जन्मापासून दृष्टी नसलेल्या माणसांची स्वप्ने तर ध्वनी, स्पर्श आणि गंध यांनीच भरलेली असतात. त्यानंतर आपल्या तोंडी ‘मग?’ आणि ‘पुढे?’ याखेरीज फार काही येऊ नये. ‘तिथे आजोबा होते का?’ हा प्रश्न वरवर निरुपद्रवी वाटतो, परंतु तो विचारताच आजोबा स्वप्नात येऊन बसतात आणि पुढच्या वेळी सांगताना ते तिथे होतेच असे सांगणाऱ्यालाही वाटू लागते.

काही समजुती वाटेत येतील आणि त्यांचा मान राखूनच काम करावे लागेल. वाईट स्वप्न कोणाला सांगू नये असे मानणाऱ्या आजीला शास्त्राचे धडे देऊन बोलते करणे योग्य नाही. तिने सांगितले नाही तर ‘स्वप्न पडले, सांगण्याची इच्छा नाही’ एवढी नोंद तारखेसह करावी, कारण न सांगण्यालाही संग्रहात जागा आहे. देवाने स्वप्नात येऊन दृष्टांत दिला, असे कोणी सांगितले तर तेही त्याच शब्दांत लिहावे. ते खरे की खोटे याचा निवाडा आपल्याकडे नाही, आणि ‘मनी वसे ते स्वप्नी दिसे’ अशी म्हण तोंडावर फेकून समोरच्याचा अनुभव लहान करण्याचा अधिकारही नाही.

मात्र एक मर्यादा काटेकोरपणे पाळावी. एखादा अपघात, हिंसा किंवा मृत्यू वारंवार स्वप्नात येऊन कोणाची झोप उडत असेल, तर त्या माणसाला ते पुन्हा पुन्हा सांगायला लावू नये. त्याला संग्राहकापेक्षा डॉक्टरांची गरज आहे. स्वप्नातील हाणामारी कोणी झोपेत प्रत्यक्ष हातपाय झाडून करत असेल, तर तेही नोंद करून सोडून देण्यासारखे नाही, वैद्यकीय तपासणी करून घेण्यासारखे आहे.

नोंद लिहिणे

या पायरीवर सर्वांत जास्त नुकसान होते, म्हणून येथे थोडे थांबू. नमुन्यादाखल अशी कल्पना करू की कोयनेच्या शिवसागर जलाशयाखाली ज्यांचे गाव गेले अशा, ऐंशीच्या घरातील एका आजींनी सकाळी पुढील स्वप्न सांगितले :

‘जुन्या घराच्या पडवीत हुते. जात्यावर दळत हुते. पीठ पडंना, पानी पडाया लागलं. आई म्हनली, दळ, थांबू नगंस. पानी गुडघ्याला आलं, पर पडवी काय भिजंना. मंग जाग आली.’

आता एखादा शिकलेला, प्रेमळ आणि उत्साही नातू हेच असे लिहील : ‘आजीला आपले बुडालेले गाव आठवते. धरणाचे पाणी घरात शिरत असल्याचे दुःखद स्वप्न तिला पडले.’ या दोन वाक्यांत जाते नाही, आईचे बोलणे नाही, आणि सगळ्यांत मोलाची गोष्ट, म्हणजे गुडघाभर पाण्यातही न भिजणारी पडवी, नाहीशी झाली आहे. त्याच्या जागी जे आले ते ‘दुःखद’ हे विशेषण आजींनी उच्चारलेलेसुद्धा नव्हते. कदाचित त्यांना त्या पडवीत बरे वाटले असेल. विचारले असते तर कळले असते.

म्हणून बोली जशीच्या तशी ठेवावी, शब्द शुद्ध करू नयेत, प्रसंगांचा क्रम सरळ करू नये, आणि एक घर मध्येच दुसरे घर झाले असेल तर ते तसेच राहू द्यावे. स्वप्नातल्या विसंगती नीटनेटक्या करण्याची प्रवृत्ती आपल्या सर्वांत असते आणि ती लिहिणाऱ्यात अधिक असते. या बाबतीत तुकाराम महाराजांचा आदर्श घेण्यासारखा आहे. स्वप्नात झालेल्या गुरूपदेशाविषयीच्या अभंगात गुरूंनी मस्तकावर हात ठेवल्याचे ते सांगतात आणि त्याबरोबरच, गुरूंनी भोजनासाठी पावशेर तूप मागितले व स्वप्नात आपल्याला त्याचा विसर पडला, हेही सांगतात. एवढ्या थोर अनुभवाच्या वर्णनातून तुपाचे ते माप त्यांनी वगळले नाही, आणि साडेतीनशेहून अधिक वर्षांनंतरही ते स्वप्न आपल्याला पडल्यासारखे जवळचे वाटते याला तो पावशेर बराचसा कारण आहे, असे माझे मत आहे.

त्याच अभंगातून दुसराही धडा मिळतो. माघ शुद्ध दशमी आणि गुरुवार असा दिवस त्यात स्पष्ट दिला आहे, परंतु वर्ष दिलेले नाही. त्यामुळे ते वर्ष कोणते यावर अभ्यासकांचे आजवर एकमत झालेले नाही. आपल्या वहीत तारीख, महिना आणि वर्ष पूर्ण लिहावे. वडीलधारी माणसे तिथीने बोलतात, म्हणून ‘आषाढी एकादशीच्या आदल्या रात्री’ असे त्यांचे शब्द ठेवून शेजारी इंग्रजी तारीखही द्यावी. रात्र दोन तारखांत विभागलेली असल्यामुळे गोंधळ होतो, तो टाळण्यासाठी जाग आलेल्या सकाळची तारीख धरावी आणि संपूर्ण संग्रहात हाच नियम चालवावा.

प्रत्येक नोंदीत स्वप्नाच्या मजकुराखेरीज पाहणाऱ्याचे वय, झोपेचे ठिकाण, त्या दिवशी ताप, प्रवास किंवा उपवास असे काही होते का, स्वप्नात आणि जाग आल्यावर कसे वाटले, आणि स्वप्नातील माणसांपैकी आज कोण हयात आहे, इतके असावे. आपली टिप्पणी करण्याचा मोह आवरत नसेल तर ती वेगळ्या रंगात, वेगळ्या ओळीवर आणि आपल्या नावाने लिहावी, म्हणजे पन्नास वर्षांनी वाचणाऱ्याला आजी कुठे संपल्या आणि नातू कुठे सुरू झाला हे कळेल.

संमती आणि गुप्तता

स्वप्नात माणूस असे बोलतो-वागतो की जे तो जागेपणी कधीही करणार नाही, आणि त्यात शेजारी, सुना, जावई, साहेब असे खरे लोक येतात. तेव्हा नोंद घेण्यापूर्वी तीन प्रश्नांची उत्तरे लेखी घ्यावीत : ही नोंद ठेवू का, ती कोणाला वाचू देऊ, आणि तुमच्या पश्चात तिचे काय करू. सांगणाऱ्याने नंतर विचार बदलला तर नोंद परत देण्याची किंवा नष्ट करण्याची तयारी हवी. ज्याला लिहिता येत नाही त्याची संमती ध्वनिमुद्रित करावी.

या कामात धोका पत्करून सावधगिरी कशी बाळगावी याचे मोठे उदाहरण शार्लोटे बेराट यांचे आहे. १९३३ पासून बर्लिनमध्ये राहून या पत्रकार बाईंनी हिटलरच्या राजवटीत सामान्य लोकांना पडणारी स्वप्ने गोळा केली. त्या सांकेतिक भाषेत टिपणे ठेवत, हिटलरचा उल्लेख ‘हान्स काका’ असा करत आणि कोणाला अटक झाली तर फ्लू झाला असे लिहीत. ही टिपणे त्यांनी पुस्तकांच्या बांधणीत लपवली, पुढे वेगवेगळ्या देशांतील परिचितांकडे पत्रांतून पाठवली आणि १९३९ मध्ये स्वतः देश सोडला. तो संग्रह १९६६ मध्ये प्रसिद्ध झाला. आपल्यावर तशी वेळ नाही, परंतु पद्धत घेण्यासारखी आहे : वहीत खऱ्या नावांऐवजी खुणेची नावे वापरावीत आणि कोणती खूण कोणाची ही यादी दुसऱ्या जागी, दुसऱ्याच्या ताब्यात ठेवावी. कॅलिफोर्निया विद्यापीठाच्या सांता क्रूझ येथील विल्यम डॉमहॉफ आणि ॲडम श्नायडर यांनी उभारलेल्या, २०,००० हून अधिक स्वप्ने असलेल्या खुल्या संग्रहातही दीर्घ काळ वही लिहिणाऱ्या व्यक्ती टोपणनावानेच भेटतात.

सूची

सूचीची घाई करू नये; शे-सव्वाशे नोंदी जमल्यावर ती करायला घ्यावी. १९६६ मध्ये कॅल्विन हॉल आणि रॉबर्ट व्हॅन डी कॅसल यांनी २०० विद्यार्थ्यांची १,००० स्वप्ने घेऊन पात्रे, स्थळे, परस्परव्यवहार, भावना, यश आणि संकटे अशा गटांत मोजणीची पद्धत बसवली, आणि ती अजूनही वापरात आहे. घरगुती संग्रहाला एवढा पसारा लागत नाही. स्थळ, माणसे, प्राणी, वस्तू आणि भावना अशा पाच याद्या अकारविल्हे पुरेशा आहेत. वस्तूंची यादी मात्र मनापासून करावी, कारण जाते, बंब, कंदील, शिंकाळे, रॉकेलचा स्टोव्ह अशा, स्वयंपाकघरातून केव्हाच गेलेल्या गोष्टी तिथे एकत्र सापडतात.

साठवण

फ्रान्समधील एर्वे द सेंद्नी यांनी लहानपणापासून स्वप्नांच्या वह्या ठेवल्या. त्यांत १,९४६ रात्रींच्या नोंदी असलेल्या २२ वह्या झाल्या होत्या. १८६७ मध्ये त्यांनी त्यांच्या आधारे लिहिलेले विवेचन आज वाचायला मिळते, वह्या मात्र गहाळ झाल्या. एकच प्रत असली की असे होते.

दुसरा धोका याहून फसवा आहे. १९५० च्या दशकात बर्ट कॅप्लन या अमेरिकी मानसशास्त्रज्ञाच्या पुढाकाराने जगभरच्या संशोधकांनी नोंदवलेली स्वप्ने आणि अन्य टिपणे ‘मायक्रोकार्ड’ या त्या काळच्या अत्याधुनिक माध्यमावर बारीक अक्षरांत छापली गेली. प्रती निघाल्या, ग्रंथालयांत गेल्या. पण ती वाचण्याची यंत्रे मागे पडली आणि कपाटात असूनही तो संग्रह वाचकाला अनोळखी झाला. आपल्याकडे हीच गत जुन्या डीटीपी फॉन्टमध्ये टंकलिखित केलेल्या मराठी मजकुराची झाली आहे. तो फॉन्ट संगणकावर नसेल तर फाइल उघडूनही पडद्यावर निरर्थक चिन्हे उमटतात. म्हणून टंकलेखन युनिकोडमध्येच, म्हणजे कोणत्याही एका फॉन्टवर अवलंबून नसलेल्या अक्षरपद्धतीत, करावे आणि साध्या मजकुराच्या फाइलमध्ये ठेवावे. ध्वनिमुद्रणे व्हॉट्सॲपवर पडून राहू देऊ नयेत, कारण मोबाइल बदलताना ती हमखास हरवतात. त्याच दिवशी संगणकावर उतरवून त्यांना तारीख आणि क्रमांक द्यावा.

तीन प्रती, दोन वेगळ्या माध्यमांवर आणि त्यांतली एक दुसऱ्या गावी, हा जगभरच्या संग्राहकांचा नियम घरालाही लागू आहे. कागदी वहीसाठी पेन्सिल किंवा पाण्याने न फुटणारी शाई वापरावी. जेल पेनाचे अक्षर कोकणातल्या एका पावसाळ्यात पसरते. कागद लॅमिनेट करू नये, ते पुन्हा सोडवता येत नाही. वही भिंतीला टेकून किंवा जमिनीवर न ठेवता वरच्या कप्प्यात ठेवावी आणि गणपतीनंतर ऊन पडू लागले की बाहेर काढून वाळवी-कसर तपासावी. त्याच दिवशी हार्ड डिस्क जोडून फाइली उघडतात का ते पाहावे आणि पाच-सहा वर्षांनी डिस्क बदलावी.

वहीच्या पहिल्या पानावर संग्रह कोणी, कधी सुरू केला, तारीख कोणत्या नियमाने लिहिली आहे, कोणत्या रंगात कोणाची टिप्पणी आहे, खुणांची यादी कोणाकडे आहे आणि आपल्यानंतर हे कोणी सांभाळायचे आहे, एवढे लिहावे. ज्याचे नाव तिथे लिहाल त्याला आधी विचारा, आणि वर्षातून एकदा त्याला बोलावून त्याच्यासमोर चार नोंदी वाचा.